रिठावरची हजेरी

प्रथम कालक्रम. तारखा मी सणांवरून देत आहे, कारण कचेरीच्या कागदांवरील तारखांवर माझा विश्वास राहिलेला नाही.

१९५७, तान्हा पोळा, म्हणजे पोळ्याचा दुसरा दिवस : दवंडी. जबाबदार, हलक्याचा, म्हणजे त्या गावांचा, पटवारी.

१९५७, दसऱ्यानंतरचा पहिला सोमवार : लिलाव. जबाबदार, वसुलीचे नायब तहसीलदार, ज्यांनी पटवाऱ्याचा पंचनामा न वाचता त्यावर 'पाहिले' असे लिहिले.

१९५७, भाऊबीज : जिचे वावर विकले गेले त्या बाईला ही गोष्ट कळली. तिला ती कळवण्यास जबाबदार, कोणीही नाही. माझी तक्रार इथूनच सुरू होते.

१९५७चा कार्तिक ते १९५८चा माघ : उभ्या पराटीवरचा कापूस झडून मातीत गेला. जबाबदार, मास्तर; आणि काही अंशी मी.

१९५८, होळीच्या आधीचा आठवडा : विक्री रद्द. जबाबदार, मास्तर एकटे.

१९५९ ते १९६६, दर वर्षी तान्हा पोळा : मास्तरांचे जवाबी कार्ड. उत्तर न देण्यास जबाबदार असणाऱ्यांची यादी मोठी आहे. ती मी वेगळी ठेवली आहे.

आता मास्तरांविषयी.

कळंबला मी त्यांच्या घराच्या पुढच्या खोलीत चौदा वर्षे भाड्याने राहिलो. ते प्राथमिक शाळेत मास्तर होते आणि मी अर्जनवीस, म्हणजे तहसील कचेरीबाहेरच्या लिंबाखाली बसून लोकांचे अर्ज लिहून देणारा. ते मला 'बालिस्टर' म्हणत. या शब्दात थट्टा किती आणि मान किती हे मला शेवटपर्यंत ठरवता आले नाही. ती कचेरी कोणती, हे मी इथे लिहीत नाही. ज्यांना ते कळायला हवे, त्यांना ते पहिल्या ओळीतच कळले असेल.

मास्तरांना हजेरी घेण्याचे वेड होते. शाळेत सारेच मास्तर हजेरी घेतात. हे गृहस्थ शाळेबाहेरही घेत. स्वतःच्या पैशाने विकत घेतलेले एक लांबट हजेरी-बुक त्यांच्या खांद्यावरच्या पिशवीत कायम असे. लग्नाच्या पंगतीत पाने वाढून झाली की हे उठत आणि वधूपक्षाकडून ज्यांना आमंत्रण गेले होते त्यांची नावे मोठ्याने वाचत. ग्रामपंचायतीच्या सभेत सरपंच 'सर्व गावकऱ्यांच्या संमतीने' एवढे म्हणाले की मागून आवाज येई, "सर्व म्हंजे कोन? नाव सांगा." एकदा एका मयतीलाही त्यांनी बुक काढले, तेव्हा मयताच्या थोरल्या भावाने त्यांना हात धरून बाजूला नेले. मास्तरांनी विरोध केला नाही. मात्र त्या भावाच्या नावापुढे 'हजर' असे लिहून मगच बुक मिटले.

दुसरा त्यांचा विक्षिप्तपणा म्हणजे स्टूल. कोणत्याही सरकारी कार्यालयात जाताना ते घरचे एक लाकडी स्टूल सायकलच्या कॅरिअरला बांधून नेत. कचेरीच्या बाकावर बसलेला माणूस, त्यांच्या मते, दहा मिनिटांत अर्जदार राहत नाही, याचक होतो. चपराशी हसत. एका चपराशाने त्यांना विचारले, गुरुजी, खाट नाही आनली का? त्यावर मास्तर अत्यंत गंभीरपणे म्हणाले, "आज काम थोडं आहे."

आणि तिसरी गोष्ट, जवाबी कार्डे. सरकारला ते कधी साधे पत्र लिहीत नसत. जोडकार्ड घेत, एका अर्ध्यावर प्रश्न लिहीत, उत्तराच्या अर्ध्यावर स्वतःचा पत्ता लिहून ठेवत. उत्तर द्यायला साहेबाचा पैसा लागू नये, एवढी काळजी. सारी वर्षे धरून त्यातला एकच अर्धा परत आला, आणि तो कोरा. मास्तरांनी हजेरी-बुकात त्याची नोंद केली : 'हजर, परंतु मौन.'

हे सर्व ऐकून कोणी म्हणेल, की हा एक गमतीदार, निरुपद्रवी मनुष्य असावा. मीही तसेच समजत होतो. सोमलीबाईच्या वावराचे प्रकरण येईपर्यंत.

मास्तरांचा जन्म एका रिठात झाला. ज्या मौज्याला नकाशा आहे, शीव आहे, सरकारी दप्तरात नाव आहे, पण राहणारे माणूस नाही, त्याला आमच्याकडे रिठ म्हणतात. हे गाव १९१८च्या मानमोडीच्या, म्हणजे इन्फ्लुएंझाच्या, साथीत ओस पडले. उरलेली माणसे राळेगाव-बाभुळगावकडे पांगली आणि पुन्हा परतली नाहीत. घरांची जोती राहिली, एक विहीर राहिली, बिनछपराचा मारुती राहिला. मास्तर दर हनुमान जयंतीला सायकलने तिथे जात आणि दिवा लावून येत. रिठापासून कोस-दीड कोसावर लमाणांचा तांडा आहे. त्या लोकांनी बैलांच्या पाठीवर माल वाहण्याचा धंदा सोडून शेती धरली, तेव्हा रिठातली बरीच वावरे त्यांच्याकडे गेली. मारुतीला लागून असलेले वावर सोमलीबाईच्या नवऱ्याचे होते. नवरा मेल्यावर ते तिच्या नावाने झाले. वर्षातून एकदा येणाऱ्या मास्तरांच्या दिव्यावर देवाचे भागत नाही, असे तिचे मत होते. म्हणून दर शनिवारी ती मारुतीला तेल आणि शेंदूर लावी. तिच्या तांड्याचे देव वेगळे. पण शेजारचा देव उपाशी राहू नये, एवढा तिचा साधा हिशेब.

तिच्या नवऱ्याने बैलजोडीसाठी तगाई, म्हणजे सरकारी कर्ज, घेतली होती. बैल आले, दोन वर्षांनी नवरा गेला, हप्ते थकले. थकबाकी खरी होती. हे मी स्पष्ट लिहितो, कारण पुढे कचेरीने आमच्यावर 'देणे नाकारणारे' असा आरोप केला. देणे आम्ही एकदाही नाकारले नाही.

भाऊबिजेच्या दिवशी दुपारी ती मास्तरांच्या ओसरीवर आली. हातात दहीभाताचे गाडगे होते आणि त्यातला भात तसाच होता. पहिल्या वेचणीच्या आधी आमच्याकडच्या बाया वावरात दहीभात ठेवून सीतादही करतात. मगच कापसाला हात लावतात. तांड्यातल्या बायांनीही ही रीत उचलली होती.

"गुरुजी, सीतादही कराले गेलती मी. तं धुऱ्यावर एक मानूस उभा. म्हने बाई, मांगं हो, वावर इकलं गेलं. म्या म्हनलं, कोनं इकलं? तं म्हने, सरकारनं."

मास्तरांनी विचारले, तुले कोनी सांगतलं होतं? कागद आलता? तांड्यात दवंडी झालती? ती प्रत्येक प्रश्नाला नकारार्थी मान हलवत राहिली. मग म्हणाली की कपाशी अशी फुटली होती की रात्री चांदणं पडल्यासारखी दिसत होती, आणि तो माणूस तिला तिच्याच धुऱ्यावर, वावराच्या बांधावर, उभी राहू देत नव्हता.

दुसऱ्या दिवशी मी कचेरीतून कागद पाहून आलो. एका जिनिंगवाल्या शेठाने बोली लावली होती. दुसरी बोली नव्हती. विक्री कायम व्हायला लिलावापासून तीस दिवसांची मुदत, तिच्यातले आठ उरलेले. कायद्याने दोन दारे होती. एक : सगळी थकबाकी आणि वर खरेदीदाराची नुकसानभरपाई भरून वावर सोडवून घ्यायचे. दुसरे : जाहीरनामा नीट झाला नाही, असे सिद्ध करून विक्रीच रद्द करून घ्यायची. दोन्ही अर्ज एकदम चालत नसत. पहिले दार खात्रीचे होते. दुसऱ्या दारापलीकडे विहीर आहे की अंगण, हे कोणीच सांगू शकत नव्हते.

मास्तरांजवळ पैसे होते. घरावर कौले घालण्यासाठी त्यांनी ते साठवले होते आणि ते देण्याची त्यांची तयारी होती. मी म्हणालो, भरून टाका. त्यांनी माझे ऐकून घेतले आणि तिला सांगितले, "पैसे माह्याजवळ आहेत. भरले तं वावर तुह्यं. पन मंग लिलाव खरा होता, असं आपुन कबूल केलं. तू सांग."

कालचे दहीभाताचे गाडगे तिच्या मांडीवर तसेच होते.

"तुमी भरसान तं वावर सुटीन, गुरुजी. पन कागदात काय राहीन? सरकारनं मले बोलावलं अन् मी आली नाही, असंच ना? मले बोलावलंच नाही. थे लिहून पायजे."

मी तिला धोका समजावून सांगितला. दोनदा, सोप्या भाषेत. ती म्हणाली, "बालिस्टर, समजलं मले. तुमाले नाही समजून राह्यलं." मास्तर हसले नाहीत. त्यांनी पिशवीतून हजेरी-बुक काढले, तिचे नाव लिहिले, आणि मला म्हणाले, लिहा अर्ज.

अर्जासाठी दवंडीच्या पंचनाम्याची नक्कल काढली. ती मी घरी आणून मास्तरांच्या हातात दिली. त्यात लिहिले होते, की तान्ह्या पोळ्याच्या दिवशी मौजे रिठ येथे चावडीसमोर कोतवालाने डफडे वाजवून लिलावाची दवंडी दिली, तेव्हा गावचे पाच रहिवासी समक्ष हजर होते. खाली पाच नावे आणि प्रत्येकापुढे 'निशाणी अंगठा'. कायद्याची मागणी एवढीच, की जमीन ज्या मौज्यात आहे त्या मौज्यात दवंडी व्हावी. ती झाली होती. माणसे ज्या तांड्यात राहतात तो तांडा दुसऱ्या मौज्याच्या शिवेत पडतो, म्हणून दवंडी तिथे गेली नव्हती.

मास्तरांनी नावे वाचली. नंतर आत जाऊन पाणी पिऊन आले आणि पुन्हा वाचली. मी विचारले, हे पाच जण कोण, साक्षीला येतील का? ते म्हणाले, "वळखीचे आहेत. बोलावून पाहू."

याहून अधिक ते तीन महिने एक शब्द बोलले नाहीत.

त्या तीन महिन्यांची कबुली द्यायला हवी. आमच्या अर्जावर 'जैसे थे'चा हुकूम झाला. त्याचा अर्थ असा, की शेठाने कापूस वेचायचा नाही आणि बाईनेही नाही. बोंडे फुटली, लोंबली, वाऱ्याने गळली, दवाने काळी पडली. सोमलीबाई रोज सकाळी धुऱ्यापर्यंत जाई आणि परत येई. मी मास्तरांना बोललो, की तुमच्या तत्त्वापायी एका विधवेचे पीक मातीत चालले आहे. ते माझ्यावर चिडले नाहीत. त्यांनी तिच्या घरी ज्वारीची दोन पोती पाठवली आणि ती तिने परत पाठवली. मग त्यांनी स्वतःचे जेवण एका वेळेवर आणले. ते त्यांनी मला सांगितले नव्हते. त्यांच्या पत्नीने सांगितले, तेही रागाने. अशा माणसाशी भांडणार तरी कसे?

संक्रांतीनंतर स्थळपाहणी ठरली. मास्तरांनी शाळेत रजेचा अर्ज दिला; कारण लिहिले, 'दवंडी ऐकावयास जाणे.'

आमचा अर्ज चालवणारे साहेब जीपने आले. तरुण होते, आमच्या भागातले नव्हते, आणि धुळीमुळे त्रासले होते. पटवारी होता, म्हातारा कोतवाल होता, शेठाचा मुनीम होता. सोमलीबाई मारुतीपाशी डोक्यावर पदर घेऊन उभी होती. मास्तर स्टुलावर बसले होते. साहेबांनी आजूबाजूला पाहिले : बाभळी, पळस, गवतात बुडालेली जोती. त्यांनी विचारले, गाव कुठे आहे? पटवारी म्हणाला, "हेच गाव, साहेब."

मास्तर उठले आणि म्हणाले, साहेब, एक अर्ज आहे. तोंडी. तान्ह्या पोळ्याले जशी दवंडी झाली तशी एकदा होऊ द्या.

साहेबांनी मान डोलावली. कोतवाल चावडीच्या जोत्यावर चढला, डफडे वाजवले आणि तेच शब्द तसेच ओरडला. बाभळीवरची वानरे पळाली. दुसरे काही झाले नाही.

तेव्हा मास्तरांनी हजेरी-बुक उघडले आणि शाळेतल्या आवाजात पहिले नाव वाचले. गंगाराम वल्द सीताराम. एखाद्या मंद मुलासाठी थांबावे तसे थांबले, आणि लिहिले, गैरहजर. दुसरे नाव. थांबले. गैरहजर. तिसरे. चौथे. मुनीम हसला, पण साहेबांनी त्याच्याकडे पाहिल्यावर गप्प झाला. पाचवे नाव वाचले, किसन वल्द महादू, आणि या वेळी ते फार वेळ थांबले. इतका वेळ, की कोतवालाने डफडे खाली ठेवले आणि डोक्यावरचा फेटा काढून हातात घेतला. तो त्या भागातला जुना माणूस; त्याला कळले होते. मास्तरांनी लिहिले नाही. बुक मिटले.

साहेबांनी विचारले, हे पाचवे कोण?

"माहे वडील. मानमोडीत गेले. बाकीचे चौघंही त्याच महिन्यात. मी चौदा वर्साचा होतो, साहेब, पाचही तिरड्यांच्या मांगं मी चाललो."

पटवारी पुढे आला. तो दुष्ट माणूस नव्हता, हे लिहिणे मला जड जाते. पण खरे आहे. त्याने सांगितले, की नमुन्यात पंचांसाठी पाच ओळी छापलेल्या आहेत. कोऱ्या ठेवल्या तर कागद वरून परत येतो. म्हणून त्याने दप्तरातल्या जुन्या यादीतली शेवटची पाच नावे उतरवली. तो म्हणाला, नावे मी लिहिली, साहेब. अंगठे मी नाही लावले. कोतवालाला विचारले. तो म्हणाला, "म्या दवंडी देल्ली, साहेब, पुरी देल्ली. आयकाले कोनी नव्हतं तं मी काय करू? अंगठे म्या नाही पाह्यले."

साहेबांनी मूळ कागद बाहेर काढला. पाच अंगठे होते, शाईचे, ठळक. मास्तरांनी पाचव्यावर बोट न टेकता बोट धरले.

"माह्या बापानं जन्मात अंगठा लावला नाही, साहेब. थे सही करत. मोडीत. मले अक्षरं त्याइनंच शिकवली, हा कोतवाल उभा आहे त्याच जोत्यावर बसून. हा अंगठा कोनाचा आहे, तेवढं सांगा."

साहेबांनी कागद परत फायलीत ठेवला. मात्र होळीच्या आधी विक्री रद्द झाली, शेठाची रक्कम त्याला परत मिळाली, वावर सोमलीबाईच्या नावावर कायम राहिले, आणि थकबाकीचे हप्ते बांधून मिळाले. पहिला हप्ता भरताना तिने पावतीवरचे स्वतःचे नाव वाचून दाखवायला लावले. मग म्हणाली, आता लेहा, बाई हजर होती.

मी पेढे आणले. मास्तरांनी हुकूम वाचला आणि पेढा तसाच ठेवला. हुकुमात लिहिले होते, 'जाहीरनाम्याच्या प्रसिद्धीत किरकोळ त्रुटी आढळल्यामुळे.' पाच मेलेली माणसे ही त्रुटी. त्यांचे अंगठे हे किरकोळ. पंचनामा फायलीत तसाच राहिला, आणि त्यात एक अक्षरशत्रू ठरवलेला, मेलेला मनुष्य दवंडी ऐकत उभा राहिला.

पुढच्या वर्षापासून दर तान्ह्या पोळ्याला एक जवाबी कार्ड. मजकूर कधी बदलला नाही : 'पंचनाम्यातील पाचव्या नावाखालील अंगठा कोणाचा, हे कळवावे.' आमचा भाग मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात आला होता, पुढे महाराष्ट्रात गेला. मास्तर म्हणत, "राज्य बदलते, बालिस्टर. अंगठा नाही बदलत." निवृत्त झाले, सायकल सुटली, डोळे गेले. शेवटची दोन कार्डे त्यांनी माझ्याकडून लिहवून घेतली, आणि सही मात्र स्वतः केली. मोडीत.

१९६६च्या दिवाळीआधी ते गेले. तेराव्याला सारा तांडा आला. सोमलीबाई जेवायला बसेना. तिने विचारले, हजेरी कोन घेईन? मग मी बुक उघडले आणि नावे वाचली. माझा आवाज शाळेतला नाही; पण प्रत्येकाने उत्तर दिले.

गेल्या वर्षी मी माझ्या नावाने तेच कार्ड पाठवले. या वर्षी प्रथमच उत्तर आले. टंकलिखित आहे, दोन ओळींचे : सदर प्रकरण निकाली निघाले असून संबंधित कागदपत्रे मुदतीनंतर नष्ट करण्यात आली आहेत.

महोदय, नष्ट झालेली नाहीत. शिक्क्यासह नक्कल माझ्या पेटीत आहे. आणि जो कागद नष्ट केला, तो नष्ट करण्याचा हुकूमही कोणीतरी सही करूनच दिला असेल. म्हणजे आता माझे प्रश्न दोन झाले आहेत.

म्हणून मी ही जाहीर मागणी करीत आहे. मला पत्र नको. त्या कचेरीच्या सध्याच्या प्रमुखांनी येत्या हनुमान जयंतीला रिठावर यावे. आदल्या दिवशी तांड्यात दवंडी द्यावी. तांड्यात, रिठात नव्हे. चावडीच्या जोत्यावर उभे राहून, लोकांसमक्ष, मोठ्याने सांगावे, की किसन वल्द महादू यांच्या नावाखाली अंगठा कोणाचा लागला आणि तो कागद कोणी नष्ट केला. स्टूल मी आणीन. हजेरी-बुकही आणीन. पाच नावे त्यात आहेतच. सहावी ओळ मी कोरी ठेवली आहे. उत्तर देणाऱ्याने तीवर आपली सही करावी.

अंगठा चालणार नाही.